उघाडी कोण बघतंय?

सकाळी आमच्या नवी मुंबईतल्या सोसायटीच्या ग्रुपवर मेसेज आला: पाणी का भरलं याची चौकशी करायला समिती नेमणार. मी तेव्हा तळमजल्यावरच्या मावशींच्या घरातला चिखल सुपलीनं उपसत होतो. तांदळाची कोठी अर्धी फुगलेली. समिती म्हणे!

माझे आजोबा बेलापूरकडच्या खारबांधावर, म्हणजे खाडीचं पाणी अडवणाऱ्या बांधावर, उघाडी सांभाळायचे. उघाडी म्हणजे बांधातलं दार. भरतीला मिटायचं, ओहोटीला उघडायचं, की शेतातलं पावसाचं पाणी खाडीत. संपलं शास्त्र.

नवी मुंबईचे धारण तलाव दुसरं काय आहेत? भराव टाकून शहर उठवलं, बराच भाग भरतीच्या पातळीखाली. म्हणून शहर वसवणाऱ्या सिडकोनं डच पद्धतीचे तलाव ठेवले. भरतीला झडपा बंद, पाऊस तलावात थांबेल, ओहोटीला बाहेर. झकास योजना, मनापासून सांगतो. पण तलाव गाळानं भरलाय तर पाऊस थांबेल कुठे? पारसिकचा डोंगर खाणींनी सोलला, माती आली खाली. गाळात खारफुटी उगवली, आता तिला हात लावायचा तर कोर्टाची परवानगी. खारफुटी तोडा म्हणत नाहीये मी, खाडीकाठी हवीच ती. पण दरवर्षी गाळ उपसला असता तर तलावात रुजली असती का?

कुणीतरी लिहिणारच, ‘पाऊसच तेवढा झाला.’ 26 जुलै 2005ला सांताक्रूझला 944 मिलिमीटर पडला, त्यापुढे कोण टिकणार, मान्य. काल 944 पडला होता का? आणि तेव्हाही समिती बसलीच होती, चितळे समिती. मिठी नदीपासून नाल्यांपर्यंत सगळं लिहून दिलं त्यांनी. वाचा ना ते आधी!

आजोबा काही समाजसेवा करत नव्हते, हेही खरं. उघाडीच्या तोंडाला जाळं लावलं की मासळी मिळायची. पण भर पावसात रात्री कंदील घेऊन जायचे. म्हणायचे, “भरती न पाऊस एक झालं का पयलं ढोरां सोराची.” म्हणजे आधी गुरं सोडायची.

जाऊ दे. चिडून लिहायला बसलो होतो, हात अजून चिखलाचेच आहेत.

मघाशी मावशींनी विचारलं, उद्या भरती कधी. मी मोबाईल काढेपर्यंत त्यांनी भिंतीवरच्या कॅलेंडरात तिथी बघितली. “चतुर्दशी. अकराच्या पुढे.” उरलेले तांदूळ आम्ही माळ्यावर चढवले.