इथपर्यंत बरोबर

शनिवारी संध्याकाळी आम्ही शिवाजी पार्कच्या कट्ट्यावर बसतो, पाच नंबरच्या गेटपासून जरा पुढे. मास्तर, पक्या, स्वाती आणि मी. मास्तर हे टोपणनाव नाही, तो खरंच मास्तर आहे. माध्यमिक शाळेत विज्ञान शिकवतो. या शनिवारी खांद्याला नेहमीची पिशवी होती, पण फुगलेली. पूर्वपरीक्षेचे पेपर तपासायला घरी चालला होता.

चहा आला आणि मास्तर म्हणाला, "सोमवारी दहावीचा निरोप समारंभ आहे. मोठ्या बाईंनी सांगितलंय, तुम्ही दोन शब्द बोला. काय बोलू?"

"काही बोलू नकोस," पक्या म्हणाला. "आपल्या निरोप समारंभात कोण काय बोललं, सांग बरं एकाने तरी."

एकालाही सांगता येईना. प्रयत्नांती परमेश्वर, यशाची शिखरं, आईवडिलांचं नाव काढा, असं सगळं बोलले असणारच. वहीत सह्या घेतल्या होत्या, 'उज्ज्वल भविष्यासाठी शुभेच्छा' असं प्रत्येकीखाली होतं. मला आठवला तो कागदी पिशवीतला वडा आणि पेढा.

"बघ," पक्या म्हणाला. "शिक्षकाने गोड बोलून कुणाचं भलं होत नाही. हे समोर कोणाचं स्मारक आहे? आचरेकर सरांचं. सचिनने निवृत्तीच्या भाषणात काय सांगितलं, आठव. एकोणतीस वर्षांत सर त्याला एकदाही 'चांगला खेळलास' म्हणाले नाहीत. डोक्यात हवा जाईल म्हणून. आणि बघ काय घडवलं."

हे खरंच आहे. 16 नोव्हेंबर 2013, वानखेडे. तो बोलत होता तेव्हा आमच्या चाळीत टीव्हीसमोर बसलेली मोठी माणसं डोळे पुसत होती.

पण स्वाती लगेच म्हणाली, "भाषण अर्धंच ऐकलंस तू. त्याच्या पुढे-मागे त्याने स्कूटरचंही सांगितलंय. सर त्याला स्कूटरवर बसवून एका मैदानातून दुसऱ्या मैदानात न्यायचे. एक मॅच इथे, दुसरी आझाद मैदानात. मुलाला खेळायला जास्त मिळावं म्हणून. अकरा-बारा वर्षांच्या पोराला एवढा मोठा माणूस स्वतःच्या स्कूटरवर मागे बसवतो, तेव्हा त्या पोराला काय कळतं? 'चांगला खेळलास' हे वेगळं सांगायला लागतं का?"

"आणि रुपया?" मी विचारलं.

रुपयाची गोष्ट या कट्ट्यावर बसणाऱ्या प्रत्येकाला पाठ आहे. सर स्टंपवर एक रुपयाचं नाणं ठेवायचे. जो आऊट करेल त्याचं नाणं, सगळं सत्र नाबाद राहिला तर सचिनचं. अशी तेरा नाणी त्याने जपून ठेवली आहेत. माझं म्हणणं एवढंच की, ते नाणं म्हणजे बोलणंच होतं. नेटमध्ये इतकी पोरं असताना, दमलेल्या एका पोराने शेवटची वीस मिनिटं कशी काढावी याचा विचार कुणीतरी बसून केला होता.

पक्याला पटलं नाही. त्याने स्वतःची गोष्ट काढली. आम्ही ती आधीही ऐकली आहे, पण दर वेळी सांगताना त्याचा आवाज बदलतो. नववीत त्याच्या शिक्षकांनी भर वर्गात सांगितलं होतं, "तुझ्याच्याने दहावी होणार नाही. बापाच्या हाताखाली कामाला लाग." तो पेटून उठला. दहावी झाला, आयटीआय केलं, आज लिफ्टच्या देखभालीचं स्वतःचं काम घेतो, हाताखाली सहा माणसं आहेत. "ते बोलले नसते तर मी झालोच नसतो पास," तो म्हणाला. "टोचलं पाहिजे. टोचल्याशिवाय पोरगं हलत नाही."

स्वातीने हळूच विचारलं, "तुझ्या बाकावर शेजारी कोण बसायचं?"

पक्या थांबला. "होता एक."

"त्यालाही बोलले होते?"

"आम्हा दोघांनाही. एकाच दमात."

"त्याने काय केलं?"

"नववीनंतर आलाच नाही शाळेत."

बराच वेळ कुणी बोललं नाही. आत नेटवाल्या पोरांचं आवरून झालं होतं, पाठीवर किटबॅगा घेऊन ती गेटकडे चालली होती. पक्या त्यांच्याकडे बघत राहिला. मला त्याला हरवायचं नव्हतं. पण हे बोलायलाच हवं असं मला वाटतं: जो पेटून उठतो तो मोठेपणी गोष्ट सांगतो, जो विझतो त्याची गोष्ट सांगायला कुणी नसतं. म्हणून आपल्याला वाटतं, अपमानाने माणसं घडतात.

मग स्वातीने एक प्रयोग सांगितला. बी.एड.ला असल्यापासून तिला असलं वाचायची सवय आहे. 2014 साली अमेरिकेत प्रसिद्ध झालेला अभ्यास. सातवीच्या मुलांनी निबंध लिहिले, शिक्षकांनी नेहमीसारखे तपासून चुका दाखवल्या. मग काहींच्या निबंधाला चिठ्ठी लावली: तुझ्याकडून माझी अपेक्षा मोठी आहे आणि तू तिथवर पोचशील हे मला माहीत आहे, म्हणून हे शेरे लिहितोय. बाकीच्यांना नुसतं, शेरे दिलेत, बघ. निबंध पुन्हा लिहायचा की नाही हे मुलांवर सोडलं. साध्या चिठ्ठीवाल्या कृष्णवर्णीय मुलांपैकी 17 टक्क्यांनी तो सुधारून दिला, अपेक्षेच्या चिठ्ठीवाल्यांपैकी सत्तर टक्क्यांहून जास्त जणांनी. शिक्षक आपल्याला कमी लेखतात असं ज्यांना आधीच वाटत होतं, त्यांच्यात फरक सगळ्यात मोठा.

"म्हणजे गोड बोलणंच की," पक्या म्हणाला.

"नाही रे. खाली लाल शाईत चुका होत्याच. चुका न दाखवता नुसती चिठ्ठी दिली असती तर ती तुझ्या त्या 'उज्ज्वल भविष्या'सारखीच झाली असती."

माझी गोष्ट मी तेव्हा सांगितली. संपानंतर वडिलांची गिरणी परत धड चाललीच नाही, त्यामुळे मी दिवसा बाईंडिंगच्या कामाला आणि रात्री परळला रात्रशाळेत. हाताला खळीचा वास असायचा, वहीलाही लागायचा. बीजगणित म्हणजे माझी भिंत. एकदा सरांनी वही तपासून परत दिली. वर्गसमीकरण होतं, उत्तर साफ चुकलेलं. पूर्ण उदाहरणावर फुली येणार हे मी धरूनच चाललो होतो. फुली नव्हती. तिसऱ्या ओळीखाली लाल रेघ होती आणि समासात लिहिलं होतं, "इथपर्यंत बरोबर. इथून पुन्हा बघ." मी अवयव बरोबर पाडले होते, पुढे चिन्हात घसरलो होतो. तोवर मला वाटायचं, मला गणित येत नाही. त्या रात्री कळलं की, मला तीन ओळी येतात. सात रस्त्यापर्यंत चालत घरी गेलो आणि दिव्याखाली चौथी ओळ सोडवली.

मास्तर इतका वेळ ऐकत होता. म्हणाला, "केळुसकर गुरुजींचं आठवलं. चर्नी रोडच्या बागेत बसायचे. ते विल्सन हायस्कूलचे, भीमराव एल्फिन्स्टनचा. म्हणजे आपल्या शाळेचा विद्यार्थीसुद्धा नाही. पण रोज बागेत येऊन वाचत बसणारं पोरगं त्यांना दिसलं. विचारपूस केली, पुस्तकं दिली. 1907 साली तो मॅट्रिक झाला तेव्हा सत्कारात स्वतः लिहिलेलं बुद्धचरित्र दिलं. पुढे सयाजीराव महाराजांपर्यंत शब्द टाकला, महिना पंचवीस रुपये शिष्यवृत्ती मिळाली."

"आधी दिसलं म्हणतोस," पक्या म्हणाला. आवाज आता मवाळ होता.

"हो. आधी दिसलं."

"तुझ्या वर्गात किती आहेत?"

"अठ्ठावन्न. अठ्ठावन्न जणांना बघायला वेळ कुठून आणू, सांगा. जनगणना, निवडणुकीची कामं, त्यात हे सगळं ऑनलाइन भरायचं." त्याचं हेही खोटं नाही. शिक्षकाने प्रत्येक मुलाकडे बघावं असं आपण म्हणतो आणि त्याच्यापुढे एवढी मुलं आणि एवढे कागद ठेवतो. यावर आमच्याकडे उत्तर नव्हतं. स्वाती म्हणाली, भाषण तीन मिनिटांचं कर आणि उरलेला वेळ पेपरांना दे. पक्या म्हणाला, तरी थोडं टोचच.

मास्तरने पिशवीतून गठ्ठा काढला, वरचा पेपर घेतला आणि कट्ट्यावर दिव्याच्या उजेडात धरला.

"हा बघा. शेवटच्या बाकावरचा. चाळीसपैकी नऊ." त्याने पान उलटलं. "आणि ही मोटारची आकृती बघा. बाण, चुंबकाचे ध्रुव, ब्रश, सगळं जागच्या जागी. वर्गात एवढी नीट कुणीच काढलेली नाही. मी पाचपैकी पाच दिले आणि पुढे गेलो."

पक्याने पेपर हातात घेतला. लिफ्टच्या मोटारी उघडणारा माणूस तो, आकृतीवरून बोट फिरवत राहिला. मग खिशातलं पेन काढून मास्तरपुढे धरलं.

"लिही ना मग त्याला," तो म्हणाला. "आत्ता लिही."