चिलीचं टोणाक होऊ नये म्हणून

सोमवारी गोव्यातल्या हिंदू घरात मासळी शिजत नाही आणि जेवणाऱ्यांचे चेहरे सकाळपासूनच उतरलेले असतात. अशा शिवराक, म्हणजे शाकाहारी, दिवसासाठी मेक्सिकन वळणाची राजम्याची चिली, म्हणजे मिरची-टोमॅटोतला दाट रस्सा, हा बेत मला फार सोयीचा वाटतो. पण बेत जाहीर झाला रे झाला की घरात सल्लागार मंडळ बसतं. "म्हणजे राजमाच ना गो?" हा पहिला प्रश्न, "खोबरं कितीसं काढू?" हा दुसरा. चिलीत काय घालायचं हे कोणीही सांगेल. घाम निघतो तो काय घालू द्यायचं नाही हे सांभाळताना. आलं आणि गरम मसाला पडला की पंजाबी राजमा तयार. खोबऱ्याचं वाटण पडलं की टोणाक, आपली गोव्याची रस्सेदार उसळ. हळद तर कोणीतरी सवयीनेच टाकून जातं. राजमा आणि टोणाक, दोन्ही सुंदर पदार्थ आहेत; फक्त त्यांच्यासाठी कोकोची पूड आणायची गरज नव्हती.

अस्सलपणाची चर्चा सुरू झालीच तर एवढं सांगावं, की चिलीचं माहेर टेक्सासकडे, मेक्सिकोच्या सीमेलगत आहे. टेक्सासने 1977 साली तिला राज्याचा अधिकृत पदार्थ करून टाकलं, आणि तिथल्या कट्टर मंडळींना तिच्यात राजम्याचा दाणाही खपत नाही. म्हणजे आपण सुरुवातीलाच नियम मोडलेला आहे, आता निर्धास्तपणे करावं. तसंही मिरची, टोमॅटो, मका आणि राजमा ही चारही मंडळी मूळची अमेरिका खंडातली. मिरची तर पोर्तुगीजांच्या जहाजातून इथे उतरली आणि आता गोव्यातल्या हरमल गावाच्या नावाने विकली जाते. चिलीत आपल्या बाजूचं काय, तर कांदा, लसूण आणि जिरे.

चार-पाच माणसांना अडीचशे ग्रॅम राजमा पुरे. खरी परीक्षा इथेच. आपल्या दमट हवेत पावसाळाभर दुकानात पडून राहिलेला राजमा असा हट्टी होतो, की कितीही शिजवा, आतून खडूसारखाच राहतो. उष्णता आणि दमटपणा यांत साठवलेल्या कडधान्याचं हे होतंच, त्यात कुकरचा दोष नाही. म्हणून गिऱ्हाईक जास्त असलेल्या दुकानातून घ्यावा आणि सुरकुतलेला, काळवंडलेला माल परत करावा. आठ ते दहा तास भरपूर पाण्यात भिजवायचा, त्या पाण्यात चमचाभर मीठ टाकलं तर साल मऊ पडते. ते पाणी फेकून द्यायचं. पोटातल्या वाऱ्याचं बरंचसं साहित्य त्याच्यासोबत मोरीत जातं. ताज्या पाण्यात कुकरला तीन शिट्ट्या, मग मंद आचेवर बारा मिनिटं. शिट्ट्यांच्या आकड्यावर कुठल्याच घरात एकमत होत नाही, तेव्हा दाणा बोटांत दाबून बघावा: साल न फुटता आतला गर लोण्यासारखा पसरला पाहिजे. राजमा जुना वाटला तर भिजवताना पाव चमचा खाण्याचा सोडा घालावा. त्याहून जास्त घातला तर साबणाची चव येते आणि दाण्यांचा लगदा होतो.

एक गोष्ट मात्र थट्टेची नाही. कच्च्या राजम्यात एक विषारी प्रथिन असतं, चार-पाच दाणेही उलट्या काढायला पुरतात. दहा मिनिटं खळखळून उकळल्यावर ते निकामी होतं, पण मंद आचेच्या विजेच्या भांड्यात तेवढी उष्णता मिळत नाही. कुकरच बरा.

आता मिरच्या. मेक्सिकोत सुकवलेली आंचो वापरतात, ती सौम्य आणि किंचित मनुकांसारख्या वासाची. आपल्याकडे आठ ब्याडगी, दोन हरमल आणि आठ-दहा मनुका यांनी ते काम भागतं. मिरच्यांच्या बिया काढून तव्यावर अर्धा मिनिट फिरवायच्या. रंग काळपट व्हायच्या आत उतरवा, करपलेल्या मिरचीचा कडूपणा गुळानेही जात नाही. खिडकी उघडी ठेवा, नाहीतर शेजारपाजारही शिंकायला लागेल. गरम पाण्यात वीस मिनिटं भिजवून मनुकांसह बारीक वाटा.

जाड बुडाच्या टोपात चार चमचे तेल. दोन मोठे कांदे दहा-बारा मिनिटं मऊ होईपर्यंत, मग ठेचलेल्या आठ-दहा लसूण पाकळ्या. दोन चमचे जिरे भाजून कुटलेले, आणि वाटलेली मिरची. तेल सुटेपर्यंत परतत राहायचं. जिरे जास्त वाटतात म्हणून कमी करू नका, तीच तर चिलीची ओळख. ओरेगानो चमचाभर. पिझ्झाबरोबर आलेल्या आणि ड्रॉवरमध्ये साठलेल्या पुड्यांचं सार्थक होण्याची ही संधी. मग अर्धा किलो टोमॅटो बारीक चिरून, पाणी आटेपर्यंत. यानंतरच शिजलेला राजमा घालायचा, त्याच्या दोन वाट्या पाण्यासकट.

हा क्रम उलटा करून वेळ वाचवण्याचा मोह होतो. करू नका. आंबट लागलं की दाण्याची साल घट्ट होते आणि पुढे शिजणं रखडतं. टोमॅटोबरोबर कच्चा राजमा टाकणारा माणूस रात्री दहाला घरच्यांना पाव-बटर खायला देतो.

मंद आचेवर पस्तीस-चाळीस मिनिटं, झाकण किंचित तिरपं. चिली घट्ट होऊ लागली की बुडबुडे फुटतात आणि ओट्यावरच्या फरशीचा रंग बदलतो. दोन डाव दाणे तिथेच ठेचले की पीठ न लावता दाटपणा येतो. खाली लागलं तर खरवडू नका, वरची चिली हलक्या हाताने दुसऱ्या टोपात घ्या. शेवटी चमचाभर कोको, तेवढाच माडाचा गूळ, मीठ, आणि गॅस बंद केल्यावर एक चमचा माडाचं व्हिनेगर.

राहिला धूर. चिपोटले म्हणजे धुरावर वाळवलेली हालापेन्यो. ती नसेल तर करवंटीचा तुकडा गॅसवर लाल होईस्तोवर धरा, वाटीत ठेवून टोपात सोडा, वर अर्धा चमचा तेल आणि घट्ट झाकण. तीन मिनिटं पुरे. पाचावर गेलात तर घरात चिलीऐवजी धुराचीच चर्चा होते.

बरोबर पोदेराची, म्हणजे पाववाल्याची, गरम पोय. तिच्या पोकळ पोटात चिली मावते, पावाचं मात्र तिच्यापुढे काही चालत नाही, दोन घासांत विरघळतो. वर घट्ट दही आणि कच्चा कांदा. उकड्या भातावरही चांगली लागते, पण तसं वाढलंत की कोणीतरी लोणचं मागतं.

रातभर मुरलेली चिली जास्त चांगली लागते, फक्त दाट झालेली असते. गरम करताना अर्धी वाटी पाणी घालावं. उरली तर फ्रीजरमध्ये दोन महिने टिकते. डब्यावर नाव मात्र लिहाच. गोठलेली चिली आणि मासळीत भरायचा गोठलेला लाल रेशाद मसाला दिसायला अगदी सारखे, आणि हा फरक बांगडे भरून झाल्यावर कळून उपयोग नाही.