खुलासा: जपानच्या पहिल्या महिला दिग्दर्शक तानाका नव्हेत
गेल्या आठवड्यातली ‘किनुयो तानाका या जपानच्या पहिल्या महिला दिग्दर्शक’ ही माझी पोस्ट बरीच फिरतेय. ती चुकीची आहे, आणि चूक माझीच. तानाकांनी दिग्दर्शित केलेला पहिला चित्रपट १९५३चा. ताझुको साकाने या दिग्दर्शिकेचा ‘हात्सु सुगाता’ १९३६चा, म्हणजे पहिल्या त्या. नुसत्या सनावळ्या ताडून पाहिल्या असत्या तरी कळलं असतं. दिग्दर्शक केंजी मिझोगुचींच्या हाताखाली तयार झालेल्या साकानेंनी पुढे मांचुरियात (तेव्हा जपानच्या ताब्यातला ईशान्य चीन) माहितीपट केले. त्यातला १९४३चा एकच आज उरलाय. ‘हात्सु सुगाता’ची तर प्रिंटच नाही. दुसऱ्या महायुद्धानंतर साकाने जपानमध्ये स्टुडिओत परतल्या, पण दिग्दर्शन काही मिळालं नाही; सेटवर शॉटच्या नोंदी ठेवायचं काम मिळालं. तानाका मोठ्याच, सहा चित्रपट आहेत त्यांच्या नावावर, फक्त पहिल्या नव्हेत. जुनी पोस्ट काढलीय. तिचे स्क्रीनशॉट कृपया पुढे पाठवू नका.