दौलतच्या साखळीबद्दल गुरुजींना उत्तर

नमस्कार गुरुजी,

तुमची प्रतिक्रिया दोनदा वाचली. चौथी मिती म्हणजे काळ, तेव्हा तिथे मोजणीची साखळी टाकू पाहणारा माझ्या कथामालेतला भूकरमापक दौलत हा मुळातच गणिती घोळ आहे, असं तुम्ही म्हणता. परदेशी कल्पनेला धोतर नेसवून मी तिला हिंगणघाट तालुक्यात आणून बसवलंय आणि इतके भाग झाले तरी या शोधकाच्या आयुष्यात मोजणीपलीकडे काही घडत नाही, हेही म्हणता. चपलेचा प्रसंग तर तुम्हाला 'पोरकट' वाटला. बाकीचे वाचक 'लय भारी' लिहून मोकळे होतात. गणिताचे निवृत्त शिक्षक तावातावानं भांडायला आलेत म्हटल्यावर मला सविस्तर लिहिणं भागच आहे.

आधी काळाचं बघू. गणितज्ञ मिन्कोव्स्कीनं १९०८ साली काळ आणि अवकाश जोडून चार मितींचं गणित मांडलं, हे बरोबर. पण त्या गणितातही काळाचं अधिक-उण्याचं चिन्ह उरलेल्या तिघांच्या उलट असतं. तो चौथा खरा, पण त्यांच्या पंगतीतला नाही. लांबी-रुंदी-उंचीच्या जातीची आणखी एक लांबी असू शकते का, हा प्रश्न निराळा. कालुझा या गणितज्ञानं १९२१ मध्ये गुरुत्वाकर्षण आणि विद्युतचुंबकत्व एकत्र बसवण्यासाठी अशी मिती धरली. १९२६ मध्ये क्लाइननं सुचवलं, की ती फार बारीक वेटोळ्यात गुंडाळलेली असेल, म्हणून दिसत नाही. दौलत शोधतो ती या जातीची. कथेत ती आमच्या पांदणीजवळ जरा उलगडलेली आहे, एवढी सूट मी घेतली. कथाकाराला तेवढी द्या.

आणि तो तिथे राहायला जात नाही, गुरुजी. जाऊच शकत नाही. एरेनफेस्ट या भौतिकशास्त्रज्ञानं १९१७ मध्ये दाखवलंय की अवकाशाला चार मिती असतील तर गुरुत्वाकर्षण अंतराच्या वर्गाऐवजी घनाच्या प्रमाणात घटेल आणि ग्रहाची कक्षा टिकणार नाही. जरासा धक्का लागला की ग्रह एकतर सूर्यात पडेल, नाहीतर कायमचा निघून जाईल. असल्या ठिकाणी तूर पिकत नाही, माणूसही जगत नाही. म्हणून दौलत धुऱ्यावर, म्हणजे शेताच्या बांधावर, उभा राहून पलीकडे बघतो. आपल्या बाजूला एक पाया, म्हणजे एक सरळ रेघ, मोजायचा, त्याच्या दोन टोकांवरून दोन कोन घ्यायचे, की जिथे पाय ठेवला नाही त्या जागेचंही अंतर हाती येतं.

हीच रीत घेऊन ब्रिटिश मोजणी अधिकारी विल्यम लॅम्बटननं १८०२ मध्ये मद्रासला पहिला पाया मोजला. अर्ध्या टनाचं थिओडोलाइट, म्हणजे कोन मोजायचं यंत्र, माणसांच्या खांद्यावरून नेत, त्रिकोणाला त्रिकोण जोडत तो वर सरकत राहिला आणि नागपूरच्या वाटेवर जानेवारी १८२३ मध्ये हिंगणघाटला वारला. थडगं तिथेच आहे. त्याच्या मागून आलेल्या एव्हरेस्टचं नाव जगातल्या सर्वांत उंच शिखराला मिळालं, लॅम्बटनला वणा नदीकाठची काळी माती मिळाली. तेव्हा धोतर मी कुणाला नेसवलेलं नाही. ज्यानं उपखंड मोजायला घेतला तो आमच्या तालुक्यात संपला, तर पुढचं मोजायला इथलाच भूकरमापक का निघू नये? त्यात ही माती पावसाळ्यात फुगते, उन्हाळ्यात भेगाळते, हद्दीचे दगड कलतात. जमीन जागेवर राहत नाही, हे दौलतला कुणी शिकवावं लागत नाही.

त्याची गोष्ट सुरू होते ती एका न जुळणाऱ्या त्रिकोणापासून. लॅम्बटनच्या मोठाल्या त्रिकोणांत कोनांची बेरीज १८० अंशांहून किंचित जास्त भरायची, कारण पृथ्वी गोल. हे जास्तीचं माप साधारण २०० चौरस किलोमीटरला एक सेकंद, म्हणजे अंशाचा ३६०० वा भाग. दौलतचा त्रिकोण पाऊण एकराचा. त्यात असलं काही दिसायलाच नको, आणि त्याला दिसतात जास्तीचे चार अंश! उन्हानं साखळी वाढली म्हणावं, तर बाजू चुकतील, तिन्ही सारख्याच. कोन कसे बदलतील? तो यंत्र बदलून पाहतो, सकाळी मोजतो, संध्याकाळी मोजतो. चार अंश जात नाहीत.

आता इथे तुमच्यासारखा माणूस म्हणेल, की जागा वाकडी निघाली म्हणून तिच्याबाहेर आणखी मिती असलीच पाहिजे असं नाही. गणितज्ञ रीमाननं १८५४ सालच्या व्याख्यानापासून ते शिकवलंय. मान्य. म्हणूनच तर चप्पल आली! दौलतची डावी चप्पल धुऱ्यापलीकडे जाऊन परत येते ती उजवी होऊन. कागदातून कापलेला डावा पंजा उचलून पालथा केला की उजवा होतो, कारण उचलायला तिसरी मिती असते. भरीव वस्तू अशी पालथी करायची तर चौथी लागते, हे गणितज्ञ मोबियसनं १८२७ मध्येच ओळखलं होतं. (जागाच पिळलेली असेल तर तीन मितींतही हे घडू शकतं. दौलतला ते ठाऊक नाही. मला आहे, आणि पुढे तेच त्याला छळणार आहे.) सगळ्या कथामालेत मी सर्वांत जपून लिहिलेलं पान ते, आणि तुम्ही त्यालाच पोरकट म्हणालात.

काही घडत नाही म्हणता, तर मोजणीवाल्याच्या आयुष्यात घडतं ते असंच. भाऊबंदांच्या भांडणात धुरा दाखवायचा, दोन्हीकडच्या शिव्या खायच्या, रात्री कंदिलाशी आकडे उतरवायचे. लॅम्बटनचं थिओडोलाइट १८०८ मध्ये तंजावरच्या देवळावर चढवताना आपटून मोडलं, तर त्यानं काय केलं? बसून स्वतःच्या हातानं दुरुस्त केलं. मला राक्षस नकोत, हे पुरे आहे. आणि दौलतची बायको कोरडी आहे, हे तुमचं म्हणणं मला पटत नाही. वावर तीच सांभाळते, चप्पल तिच्याच ध्यानात आली: "दोन्ही उजव्याच कशा काय जी?" आणि एवढं सगळं ऐकल्यावर तिचा प्रश्न काय? "सापडलं का तुमचं थे चवथं वावर? सापडलं असन त सांगजा, तूर पेरून टाकू." यात प्रेम दिसत नसेल तर मी आणखी काय लिहू?

शेवटी सरकारनं दौलतचा नकाशा मान्य करून त्याचा सत्कार करावा, अशी तुमची सूचना आहे. ते काही जमणार नाही. मोजणीला अर्जदार लागतो, लगतच्या खातेदारांना आधी नोटीस जावी लागते, मग कुठे 'क' प्रत, म्हणजे मोजणीचा नकाशा, हातात पडते. अर्ज दौलत स्वतः करेल. नोटीस घेऊन जायला कोतवालही तयार आहे, पण पलीकडच्या खातेदाराचं नाव सातबाऱ्यावर नाही.