साठ लाखांचं कर्ज, सव्वा कोटीची परतफेड

ठाण्यात घोडबंदर रोडवरच्या बिल्डरच्या कुठल्याही सेल्स ऑफिसमध्ये जाऊन बसा. कॉफी येईपर्यंत समोरचा मुलगा मोबाइलवर एकच आकडा काढून दाखवतो, हप्त्याचा. "सर, बावन्न हजार बसतोय. जड वाटत असेल तर तीस वर्षांचं करू, सेहेचाळीसवर येईल." नवरा-बायको एकमेकांकडे बघतात, मनातल्या मनात दोघांचे पगार जुळवतात आणि मान डोलते. सहा हजार सुटले असं वाटतं. त्या सहा हजारांपायी एक्केचाळीस लाख जास्त द्यायचे ठरलेत, हे त्या टेबलावर कोणीच बोलत नाही.

आकडेच मांडतो. गृहकर्ज ६० लाख, व्याजदर ८.५ टक्के, मुदत २० वर्षं. हप्ता ५२,०६९ रुपये. असे २४० हप्ते म्हणजे जवळपास १ कोटी २५ लाख, त्यात व्याज ६५ लाख. तेच कर्ज ३० वर्षांचं केलं तर हप्ता ४६,१३५, एकूण परतफेड १ कोटी ६६ लाख, व्याज १ कोटी ६ लाख. आणि १५ वर्षांत फेडायचं ठरवलं तर हप्ता ५९,०८४ आणि व्याज ४६ लाख. पंधरा आणि तीस वर्षांच्या हप्त्यांत तेरा हजारांचा फरक, व्याजात साठ लाखांचा. म्हणजे आणखी एक कर्जच.

आता २० वर्षांच्या कर्जाचा पहिला हप्ता फोडून बघा. ६० लाखांवर एका महिन्याचं व्याज ४२,५०० रुपये. मुद्दलात गेले ९,५६९. पाच वर्षं इमानेइतबारे हप्ते भरून ३१ लाख २४ हजार बँकेत गेले, तरी कर्ज बाकी ५२ लाख ८८ हजार. दहा वर्षांनी, म्हणजे निम्मी मुदत संपल्यावर, बाकी ४२ लाख. मुद्दल निम्म्यावर यायला १६६ हप्ते लागतात, पावणेचौदा वर्षं. हप्त्यात व्याजापेक्षा मुद्दल जास्त जायला लागतं तेसुद्धा बाराव्या वर्षाच्या शेवटाला.

इथे "बँक आधी सगळं व्याज काढून घेते" असा एक लाडका गैरसमज आहे. तसं काही नसतं. त्या महिन्यात जेवढी बाकी, तेवढ्यावरच व्याज. सुरुवातीला बाकी मोठी म्हणून व्याज मोठं, इतकं साधं. पण या गैरसमजापायी लोक उलटा निष्कर्ष काढतात: "आता व्याज भरून झालंय, मग आगाऊ पैसे कशाला भरायचे?" बाकी आहे तोवर त्या बाकीवर ८.५ टक्के चालूच आहेत, बाराव्या वर्षीही.

दर बदलला की काय होतं, हे बहुतेकांना उशिरा कळतं. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या नऊ-दहा महिन्यांत रेपो दर (रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने उसने पैसे देते तो) ४ टक्क्यांवरून ६.५ वर गेला. समजा त्याआधी कोणी ६.७५ टक्क्यांनी ६० लाख घेतले, २० वर्षांसाठी. हप्ता ४५,६२२. दर अडीच टक्क्यांनी चढून ९.२५ झाला की त्याच ६० लाखांवरचं महिन्याचं व्याज ४६,२५०. म्हणजे पूर्ण हप्ता भरूनही व्याजच भागत नाही, उलट कर्ज वाढतं. नव्या कर्जदारांच्या बाबतीत हे खरोखर घडण्याजोगं होतं, म्हणून मुदत वाढवून भागेना तेव्हा बँकांना हप्तेही वाढवावे लागले.

एरवी बँक काय करते? हप्ता तसाच ठेवते आणि मुदत लांबवते. खात्यातून तेवढेच पैसे कटतात, म्हणून कोणाच्या लक्षात येत नाही. वरच्या ८.५ टक्क्यांच्या कर्जाचा दर सुरुवातीलाच फक्त अर्ध्या टक्क्याने वाढून ९ झाला आणि हप्ता तोच राहिला, तर २४० चे २६७ हप्ते होतात. अर्धा टक्का म्हणजे सव्वादोन वर्षं आणि १४ लाख रुपये. ऑगस्ट २०२३ च्या रिझर्व्ह बँकेच्या आदेशानुसार दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत की दोन्ही, हे निवडायची मुभा कर्जदाराला द्यावी लागते, आणि दर तिमाहीला आतापर्यंत भरलेलं मुद्दल-व्याज व उरलेले हप्ते दाखवणारं स्टेटमेंटही. बँकेच्या अ‍ॅपवर ते मिळतं. त्यातला "उरलेले हप्ते" हा आकडा वर्षातून दोनदा तरी बघा. बाकी कागद नाही वाचलेत तरी चालेल.

२०२५ मध्ये उलटं झालं. रेपो फेब्रुवारी ते जूनमध्ये ६.५ वरून ५.५ वर आणि डिसेंबरात ५.२५ वर आला. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांनी दिलेली बदलत्या दराची नवी गृहकर्जं बाहेरच्या बेंचमार्कला, म्हणजे बँकेने स्वतः न ठरवलेल्या दराला, बहुतेक ठिकाणी रेपोला, जोडलेली आहेत. त्यामुळे जास्तीत जास्त तीन महिन्यांत दर खाली यायला हवा. पण हाउसिंग फायनान्स कंपन्यांना हा नियम लागू नाही. त्यांचा दर त्यांच्या स्वतःच्या प्राइम लेंडिंग रेटवर चालतो, आणि तो चढताना जिन्याने धावतो, उतरताना लिफ्टची वाट बघतो. २०१९ आधीचं एमसीएलआर किंवा बेस रेटचं (बँकेने स्वतः ठरवलेल्या दराला जोडलेलं) कर्ज अजून चालू असेल तर तिथेही तेच. शाखेत जाऊन, थोडी फी भरून नव्या पद्धतीत बदलून मिळतं. मागावं मात्र लागतं, आपणहून कोणी फोन करत नाही.

दर उतरल्यावर बँक हप्ता कमी करून देत असेल तर घेऊ नका, असं माझं स्पष्ट मत. ८.५ चे ८ झाले आणि हप्ता ५२,०६९ च ठेवला तर २० हप्ते सुटतात. त्या पैशांची सवय झालेलीच असते.

आता आगाऊ भरणा. बदलत्या दराच्या गृहकर्जावर वैयक्तिक कर्जदाराकडून प्रीपेमेंट दंड घेता येत नाही. बँकांना ही बंदी २०१२ पासून आहे आणि हाउसिंग फायनान्स कंपन्यांनाही ती लागू आहे. तरीही "दंड लागतो म्हणे" ऐकून लोक बोनस सेव्हिंग खात्यात पाडून ठेवतात. दुसऱ्या वर्षाच्या शेवटी २ लाख मुद्दलात भरले तर पुढचे जवळपास १७ हप्ते वाचतात, व्याज वाचतं ६ लाख ६९ हजारांच्या आसपास. तेच २ लाख पंधराव्या वर्षाच्या शेवटी भरले तर हप्ते वाचतात पावणेसहा आणि व्याज लाखभर. दरवर्षी एकच जादा हप्ता भरत गेलात तरी २० वर्षांचं कर्ज पावणेसतरा वर्षांत संपतं आणि व्याजात सव्वाबारा लाखांवर पैसे वाचतात. दिवाळी बोनसचा एवढा चांगला उपयोग दुसरा नाही.

फक्त भरताना एक खबरदारी घ्या. पैसे भरून घरी आलात की काम झालं असं नाही. काही ठिकाणी आगाऊ रक्कम मुद्दलात न जाता पुढच्या हप्त्यांपोटी जमा म्हणून पडून राहते, काही ठिकाणी मुदत तीच ठेवून हप्ता कमी केला जातो. दोन्हीत फायदा गळतो. अर्जावर लेखी द्या: "ही रक्कम मुद्दलात जमा करावी, हप्ता कायम ठेवून मुदत कमी करावी." आठवड्याने नवं परतफेड-वेळापत्रक काढा आणि शेवटच्या हप्त्याची तारीख जुन्याशी ताडून बघा. तारीख सरकली नसेल तर परत शाखेत जा.

आगाऊ भरल्यावर मिळतो तो परतावा नेमका कर्जाच्या दराएवढा, खात्रीचा आणि त्यावर कर नाही. मुदत ठेवीवर कर भरून हातात काय उरतं ते शेजारी लिहून बघा. म्युच्युअल फंडाचे हप्ते बंद करून सगळं कर्जात ओता असं मात्र म्हणणार नाही. महागाईने वीस वर्षांनंतरचे बावन्न हजार आजच्याएवढे जड राहणार नाहीत, हे खरंच आहे. पण हा युक्तिवाद ज्याचा पगार महागाईबरोबर वाढतो त्याचा. सहा हप्त्यांएवढी रक्कम हाताशी ठेवा, क्रेडिट कार्डाची आणि पर्सनल लोनची बाकी आधी संपवा, मग गृहकर्जाकडे वळा. करसवलतीच्या भरवशावर कर्ज रेंगाळत ठेवणाऱ्यांनी तर पुन्हा विचार करावा. नव्या करप्रणालीत स्वतः राहत्या घराच्या व्याजावर वजावटच मिळत नाही.

कर्जाची खरी किंमत हप्ता सुरू होण्याआधीच वाढायला लागते, आणि आपल्या ठाणे-नवी मुंबई भागात हे जास्त जाणवतं. ७५ लाखांचा फ्लॅट धरा. ३० ते ७५ लाखांच्या कर्जाला बँक किमतीच्या जास्तीत जास्त ८० टक्के देते, म्हणजे ६० लाख. मुद्रांक शुल्क आणि नोंदणी त्या किमतीत धरत नाहीत. ठाणे आणि नवी मुंबई महापालिका हद्दीत मुद्रांक शुल्क ७ टक्के धरा (खरेदी फक्त बाईच्या नावावर असेल तर १ टक्का कमी), म्हणजे सव्वापाच लाख, वर नोंदणीचे ३० हजार. इमारत बांधकामाखाली असेल तर ५ टक्के जीएसटी, पावणेचार लाख. हातातले १५ लाख पुरतील म्हणणाऱ्याला प्रत्यक्षात चोवीस-पंचवीस लाख लागतात. नवी मुंबईत सिडकोच्या (ते शहर वसवणाऱ्या सरकारी महामंडळाच्या) जमिनीवरचा जुना फ्लॅट असेल तर सिडकोची हस्तांतरण फी आणि गहाणासाठीची एनओसी, त्यांचा खर्च आणि वेळ वेगळा. ही भोकं बुजवायला घाईघाईत घेतलेलं पर्सनल लोन हे सगळ्यात महाग कर्ज. बुकिंगचा चेक फाडण्याआधी बिल्डरने दिलेल्या कॉस्ट शीटवर (खर्चाच्या तक्त्यावर) हे आकडे स्वतः लिहा. पार्किंग, क्लब हाउस, दोन वर्षांचा आगाऊ मेंटेनन्स यांच्यासकट.

मग प्री-ईएमआय. कासारवडवली, भाईंदरपाडा, उलवे, तळोजा, सगळीकडे स्लॅबनुसार पैसे जातात आणि ताबा मिळेपर्यंत फक्त उचललेल्या रकमेचं व्याज भरायचं. तीन वर्षांत सरासरी ३० लाख उचललेले राहिले तर ७ लाख ६५ हजार गेले आणि मुद्दल एका पैशाने हललं नाही. वर राहत्या घराचं भाडं चालूच. ताबा वर्षभर लांबला की यात आणखी भर. बँकेला सांगून पहिल्या हप्त्यापासून पूर्ण ईएमआय सुरू करता येतो. झेपत असेल तर तेच करा. नसेल झेपत तर निदान प्री-ईएमआयचे पैसे घराच्या किमतीत धरून दुसऱ्या, तयार फ्लॅटशी तुलना करा. तयार घरावर जीएसटी नाही, हेही त्यात आलं.

मंजुरीपत्रात आणखी एक ओळ हळूच येते: कर्जाला जोडलेला विमा. प्रीमियम दीड लाख, "काळजी नको, कर्जातच घालतो." त्या दीड लाखाचे २० वर्षांत तीन लाख बारा हजार होतात. कर्जदाराला विमा हवाच, याबद्दल दुमत नाही. पण साधी टर्म पॉलिसी बाहेरून घ्या, वर्षाला प्रीमियम भरा, घरच्यांना पूर्ण रक्कम मिळेल अशी. तोच विमा घ्या अशी सक्ती कोणी करत असेल तर ती लेखी मागा, सक्ती तिथेच विरघळते.

कर्ज दुसऱ्या बँकेत हलवायचं असेल तर फक्त दरातला फरक बघू नका. प्रोसेसिंग फी, वकिलाचा सर्च रिपोर्ट (मालकीहक्काची तपासणी), मूल्यांकन, गहाणाच्या दस्तावर पुन्हा मुद्रांक शुल्क हे सगळं बेरजेत घ्या. ऑक्टोबर २०२४ पासून कर्जासोबत की फॅक्ट स्टेटमेंट द्यावं लागतं, त्यात सगळा खर्च धरून वार्षिक दर छापलेला असतो. तुलना त्या आकड्याची. बाकी मोठी आणि वर्षं बरीच उरली असतील तर अर्ध्या टक्क्यासाठीही हलवणं परवडतं. शेवटच्या चार-पाच वर्षांत सहसा नाही. नवी बँक "परत २० वर्षांचं करून देतो, हप्ता हलका होईल" म्हणाली तर पहिल्या परिच्छेदातला सेल्सवाला आठवा. जेवढे हप्ते उरलेत तेवढ्याच मुदतीचं घ्या. आणि हलवण्याआधी आपल्याच बँकेला एक अर्ज करून बघा, दुसरीकडचं मंजुरीपत्र जोडून. बऱ्याचदा दर तिथेच उतरतो.

शेवटचा हप्ता गेल्यावर पेढे वाटायच्या आधी कागद ताब्यात घ्या. पूर्ण फेड झाल्यापासून ३० दिवसांत मूळ कागदपत्रं परत द्यायला हवीत, कर्ज देणाऱ्याच्या चुकीने उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई. कर्ज घेताना मिळालेल्या कागदपत्रांच्या यादीशी एकेक कागद ताडून घ्या: मूळ करारनामा, नोंदणीची पावती, इंडेक्स टू (नोंदणीचा उतारा), आधीच्या मालकांचे करार, सिडकोची पत्रं. नो ड्यूज, म्हणजे बाकी नसल्याचं पत्र घ्या, महिन्या-दोन महिन्यांनी सिबिलवर (कर्जांची नोंद ठेवणाऱ्या संस्थेकडे) खातं "क्लोज्ड" दिसतंय का बघा, आणि नो ड्यूजच्या पत्राची एक प्रत सोसायटीच्या सेक्रेटरीला देऊन तुमच्या फ्लॅटवरची बँकेच्या बोजाची नोंद काढून घ्या. ती राहिली तर घर विकायच्या दिवशी खरेदीदाराचा वकीलच ती शोधून काढतो.