रिकाम्या स्टँडचा तो फोटो पुन्हा फिरतोय, म्हणून हे लिहितोय

तो फोटो परत ग्रुपवर यायला लागलाय. अहमदाबादचं नरेंद्र मोदी स्टेडियम, ५ ऑक्टोबर २०२३, वर्ल्ड कपची पहिलीच मॅच इंग्लंड विरुद्ध न्यूझीलंड, आणि मागे खुर्च्यांच्या रांगाच्या रांगा रिकाम्या. खाली मजकूर साधारण असा, की वनडे संपली, भारत नसला की आपल्याकडे कुत्रंही मॅच बघायला जात नाही, अहमदाबादऐवजी मुंबईत ठेवली असती तर हाऊसफुल्ल झाली असती, तिकिटं फुकट दिली तरी लोक येणार नाहीत, त्यांना आता घरी मोबाईलवरच बघायचंय, आणि ईस्पोर्ट्सवाल्यांकडून (म्हणजे व्हिडिओ गेमच्या स्पर्धा भरवणाऱ्यांकडून) शिका, तिथे पहिल्या मिनिटापासून स्टेडियम भरलेलं असतं. हजारो लोकांनी हे शेअर केलंय, त्यात क्रिकेट मनापासून बघणारेही आहेत, आणि मला त्याचंच जास्त वाईट वाटतं. कारण यातलं जवळजवळ प्रत्येक वाक्य चुकीचं आहे, आणि दोष भलत्याच लोकांच्या माथी मारला जातोय.

आधी फोटोचंच बघू. हे फोटो मॅच सुरू होताना, म्हणजे दुपारी दोनच्या आसपासचे आहेत. वार गुरुवार. सुट्टी नाही, सण नाही, ऑक्टोबरचं ऊन डोक्यावर. जो माणूस नोकरी करतो, दुकान चालवतो, ज्याच्या मुलांची शाळा आहे तो गुरुवारी दोन वाजता सीटवर कसा असेल? हाफ डे टाकून निघाला तरी तो चारला पोचणार. आणि तसंच झालं, दुपार कलली तशी गर्दी वाढत गेली आणि संध्याकाळपर्यंत आकडा चाळीस हजारांच्या वर गेला. न्यूझीलंडच्या डेव्हन कॉन्वे आणि रचिन रवींद्र दोघांनी शतकं ठोकून २८३ चं टार्गेट ३६.२ ओव्हरमधेच संपवलं, ती पार्टनरशिप हजारो लोकांनी तिथे बसून बघितली. पण त्या वेळचा फोटो कोण फॉरवर्ड करणार.

दुसरं म्हणजे हे स्टेडियम १,३२,००० लोकांचं आहे. तिथे चाळीस हजार बसले तरी दोन तृतीयांशापेक्षा जास्त खुर्च्या रिकाम्याच दिसणार, त्याला काही इलाज नाही. आता "मुंबईत असती तर हाऊसफुल्ल" म्हणणाऱ्यांनी जरा हिशोब करा, वानखेडेत साधारण ३३ हजार लोक मावतात. म्हणजे अहमदाबादला त्या दिवशी जेवढे आले तेवढे वानखेडेत शिरलेच नसते, काही हजार लोक मरीन ड्राइव्हवर उभे राहिले असते. तोच क्राउड, वेगळं स्टेडियम, आणि मग तुम्हीच लिहिलं असतंत की बघा, वर्ल्ड कपची सुरुवात कशी दणक्यात झाली. अहमदाबादच्या लोकांना क्रिकेट कळत नाही हे असल्या फोटोवरून ठरवणं मला अजिबात पटत नाही. त्याच शहरात, जुन्या मोटेरा स्टेडियमवर, १९९६ च्या वर्ल्ड कपची पहिली मॅचसुद्धा याच दोन टीममधे झाली होती, १४ फेब्रुवारीला, नेथन ॲस्टलने १०१ केले आणि न्यूझीलंड ११ रनांनी जिंकली. या शहराला वर्ल्ड कप नवीन नाही.

आता मोठा दावा, वनडे मेली. आयसीसीचा आकडा आहे, २०२३ च्या वर्ल्ड कपला एकूण १२,५०,३०७ लोक स्टेडियममधे आले. २०१५ ला ऑस्ट्रेलिया-न्यूझीलंडमधे १०,१६,४२० आले होते, २०१९ ला इंग्लंडमधे साधारण साडेसात लाख. म्हणजे ज्या स्पर्धेच्या पहिल्या दुपारच्या फोटोवरून तुम्ही श्रद्धांजली वाहिली ती स्पर्धा तोवरची सगळ्यात जास्त प्रेक्षकांची ठरली. यावर लगेच उत्तर येईल की भारताच्या ११ मॅचनी आकडा वर ओढला. ओढला, मान्य आहे, यजमान टीमच्या मॅच कुठल्याही देशात जास्त भरतात. पण दहा लाखावा प्रेक्षक कुठल्या मॅचला आत आला माहितीये? दक्षिण आफ्रिका विरुद्ध अफगाणिस्तान, १० नोव्हेंबर, शुक्रवार, आणि मैदान तेच, अहमदाबादचं. भारत नाही, पाकिस्तान नाही, वीकेंड नाही. आणि २१ ऑक्टोबरला वानखेडेवर दक्षिण आफ्रिका-इंग्लंड होती, शनिवार होता, क्लासेनने १०९ मारले, आफ्रिकेने ३९९ केले. तिथला आवाज ज्याने टीव्हीवर जरी ऐकला असेल तो नॉन-इंडिया मॅच कोणी बघत नाही असं म्हणणार नाही.

मग पहिल्या बॉलला लोक का नव्हते? इथे मला जरा सविस्तर बोलायचंय कारण खरा मुद्दा हाच आहे.

२०१९ च्या वर्ल्ड कपचं वेळापत्रक एप्रिल २०१८ मधे आलं होतं, स्पर्धा मे २०१९ च्या शेवटी. तेरा महिने हातात. ज्याला न्यूझीलंडहून किंवा लंडनहून यायचंय, ज्याला नागपूरहून रेल्वेचं रिझर्वेशन काढायचंय, त्याला तेरा महिन्यात सगळं जमतं. २०२३ चं वेळापत्रक आलं २७ जूनला, बरोबर शंभर दिवस आधी. बरं आलं तेही टिकलं नाही, ९ ऑगस्टला त्यातल्या ९ मॅचच्या तारखा किंवा वेळा बदलल्या, भारत-पाकिस्तान १५ वरून १४ ऑक्टोबरला आली. ज्यांनी आधीच विमानाची तिकिटं आणि अहमदाबादची हॉटेलं बुक केली होती त्यांचं काय झालं असेल ते तुम्हीच बघा. मॅचची तिकिटं विक्रीला आली ती २५ ऑगस्टपासून, म्हणजे पहिल्या मॅचला जेमतेम सहा आठवडे उरले असताना. त्यात ई-तिकीट नाही! मोबाईलवर क्यूआर दाखवला आणि आत गेलो असं नाही, छापील तिकीटच लागणार, ते कुरियरने येणार नाहीतर काउंटरवर जाऊन घ्यायचं. आपण भाजीवाल्याला क्यूआर स्कॅन करून पैसे देतो आणि वर्ल्ड कपला कागद हातात घेऊन रांगेत उभं राहायचं. भारतातल्या भारतात दुसऱ्या शहरातून येणाऱ्या माणसाने आयत्या वेळी ठरवून गुरुवारच्या मॅचला जायचं तर हा कागद हाच पहिला अडसर होता.

आणि गेटपर्यंत पोचलात तरी झालं असं नाही. आपल्या पुण्याचं गहुंजे घ्या, तिथेही २०२३ ला ५ मॅच झाल्या. एक्सप्रेसवेच्या कडेला, शहरापासून लांब, गाडी लावायची ती मोकळ्या रानात, तिथून धुळीतून चालत चालत गेट, गेटवर पहिलं चेकिंग, पुढे परत दुसरं, पाण्याची बाटली बाहेर, पावर बँक बाहेर, सुटी नाणी बाहेर. शंभर माणसांची लाइन आणि तपासायला दोन जण. सोबत म्हातारे वडील असले किंवा लहान पोर असलं तर तुम्ही टॉसला आत असणं शक्यच नाही, राष्ट्रगीतही बाहेर लाइनमधे उभं राहून ऐकायचं. आत गेल्यावर बहुतेक स्टँडवर छप्पर नाही, दुपारच्या उन्हात खुर्ची इतकी तापलेली की रुमाल टाकल्याशिवाय बसता येत नाही. मग लोक काय करतात, मागे जिन्यापाशी, पॅसेजमधे, जिथे सावली असेल तिथे उभे राहतात. कॅमेऱ्याला ते दिसत नाहीत, दिसतात त्या खुर्च्या. ज्याने एकदा हे अनुभवलंय तो पुढच्या वेळी ऊन उतरल्यावरच घरातून निघतो, आणि त्यात त्याचं काडीचंही चुकत नाही.

याच गहुंजेला २४ ऑक्टोबर २०२४ ला भारत-न्यूझीलंड टेस्टचा पहिला दिवस होता. वॉशिंग्टन सुंदरने ७ विकेट काढल्या तो दिवस. लोक वेळेवर आले होते, सकाळपासून उन्हात बसले होते, आणि पहिलं सेशन संपल्यावर खाली पाणी प्यायला गेले तर स्टॉलवर पाणीच नाही. लोकांनी घोषणा दिल्या, शेवटी क्रिकेट असोसिएशनला माफी मागावी लागली. वेळेवर येणाऱ्या प्रेक्षकाची आपण अशी कदर करतो आणि वर विचारतो की लोक वेळेवर का येत नाहीत!

"फुकट दिली तरी येणार नाहीत" यावर थोडंसंच. अहमदाबादच्या त्या मॅचच्या दिवशी सेहवागने सुचवलं होतं की भारत नसलेल्या मॅचना शाळा-कॉलेजच्या मुलांना फुकट सोडावं, आणि सुचवण्यामागचा हेतू चांगलाच होता. पण त्या मॅचची फुकट तिकिटं स्थानिक पातळीवर वाटल्याच्या बातम्याही होत्या, तरी दोन वाजता स्टँड रिकामेच राहिले. कारण अडचण पैशाची नव्हती, गुरुवारची आणि दोन वाजताची होती. शिवाय आपल्याकडे क्लब, सभासद, स्पॉन्सर यांच्या वाट्याला जाणारे पास भरपूर, ते ज्याच्या हातात पडतात त्याला मॅचला जायची ओढ असेलच असं नाही, आणि ज्याला ओढ आहे त्याला वेबसाइटवर सोल्ड आऊट दिसतं.

लोक उशिरा आले म्हणजे खेळ मेला हे तर्कशास्त्र बाहेरही चालत नाही. लॉस एंजेलिसच्या डॉजर्स या बेसबॉल टीमचे प्रेक्षक त्यासाठी अमेरिकेत बदनाम आहेत, नऊ इनिंगच्या मॅचला तिसऱ्या इनिंगला येतात, सातव्याला निघतात असं त्यांच्याबद्दल वर्षानुवर्षं बोललं जातं, कारण त्या शहराचा ट्रॅफिक. आणि तीच टीम वर्षाच्या एकूण प्रेक्षकसंख्येत जवळपास दरवर्षी पहिली असते, २०२४ ला ३९ लाखांच्या वर. अर्थात तिकडे विकलेली तिकिटं मोजतात, गेटमधून आत आलेली डोकी नाही, पण लोक पैसे मोजून तिकीट घेतायत ना?

राहिलं ईस्पोर्ट्स. मला ईस्पोर्ट्स आवडतं, त्यामुळे ही तुलना अर्धवट केलेली बघवत नाही. लीग ऑफ लेजंड्स या गेमची २०२३ ची वर्ल्ड चॅम्पियनशिप दक्षिण कोरियात आपल्या वर्ल्ड कपच्याच काळात झाली, फायनलही त्याच दिवशी, १९ नोव्हेंबरला. सुरुवातीच्या मॅच कुठे झाल्या? सोलच्या लोल पार्कमधे, जिथे पाचशेच्या आसपासच लोक बसतात. मग थोडा मोठा हॉल, मग बुसानचं इनडोअर स्टेडियम, आणि फायनल सोलच्याच भल्यामोठ्या गोचोक स्काय डोममधे. जसजशी स्पर्धा तापत जाते तसतशी जागा मोठी करत नेतात. पोलंडमधल्या कतोविचेच्या काउंटर-स्ट्राइक या गेमच्या स्पर्धेतही मोठ्या स्पोडेक अरेनात प्रेक्षक बोलवायचे ते प्लेऑफला, म्हणजे शेवटच्या बाद फेऱ्यांना, त्याआधीचे राउंड प्रेक्षकांविना. आपल्याच वरळीच्या एनएससीआय डोममधे एप्रिल २०१९ ला डोटा २ या गेमची मोठी स्पर्धा झाली, तीही प्रेक्षकांसाठी शुक्रवार ते रविवार, आणि तो शुक्रवार गुड फ्रायडेच्या सुट्टीचा. म्हणजे तिथला प्रेक्षक काही जगावेगळा निष्ठावान नाही, पहिल्या राउंडला लोक कमी येणार हे धरूनच ते जागा आणि दिवस ठरवतात. आपण नेमकं उलटं केलं, जगातलं सगळ्यात मोठं क्रिकेट स्टेडियम, कामाचा दिवस, यजमान टीम नाही, ओपनिंग सेरेमनी नाही. २०१५ ला मेलबर्नला सुरुवातीच्या दिवशी ऑस्ट्रेलिया-इंग्लंड ठेवली होती, शनिवार होता, ८४,३३६ लोक आले. तीही वनडेच होती.

तेव्हा शेअर करायचंच असेल तर वेळापत्रकाच्या तारखा शेअर करा, प्रश्न बोर्डाला आणि आयसीसीला विचारा. २०२६ च्या टी-ट्वेंटी वर्ल्ड कपला त्यांनी एवढं केलं की पहिला दिवस शनिवार ठेवला, ७ फेब्रुवारी, आणि भारताची मॅच त्याच दिवशी संध्याकाळी वानखेडेवर. पण वेळापत्रक जाहीर झालं २५ नोव्हेंबर २०२५ ला, म्हणजे ७४ दिवस आधी. २०२३ ला निदान शंभर होते.