दोन चंद्र, डबल भरती आणि नारळी पौर्णिमेचा तो फॉरवर्ड

"27 ऑगस्ट 2026, नारळी पौर्णिमा. रात्री साडेबाराला आकाशात दोन चंद्र दिसणार, मंगळ चंद्राएवढा होणार, समुद्राला डबल भरती येणार, होड्या काढू नका. नासानं जाहीर केलंय, आपल्या पूर्वजांच्या पोथीत आधीच लिहिलंय. पुढचा योग 2287 साली, पोराबाळांना दाखवा." हा मेसेज सध्या किनाऱ्यावरच्या ग्रुपांवर फिरतोय, आणि खाली एका काकांनी विचारलंय, "मगे त्या दिवशी होडी घालूची नाय काय?" काकांसाठीच लिहितोय.

आधी 2287. हा आकडा हवेतला नाही, म्हणून तर लोक फसतात. 27 ऑगस्ट 2003 ला मंगळ खरंच जवळ आलेला, 5 कोटी 57 लाख 58 हजार किमीवर, जवळजवळ 60 हजार वर्षांत एवढा जवळ आलेला नव्हता आणि याहून जवळ तो ऑगस्ट 2287 मध्येच येणार. तेव्हा एक ईमेल फिरलेला, की 75 पट मोठं दाखवणाऱ्या दुर्बिणीतून मंगळ नुसत्या डोळ्यांना दिसणाऱ्या चंद्राएवढा दिसेल. हिशोब बरोबर होता. पुढे ढकलता ढकलता कुणीतरी दुर्बीण गाळली, कुणी साल गाळलं, चंद्र तेवढा राहिला. तेव्हापासून ऑगस्ट आला की मेसेज उगवतो, मंगळ उगवो न उगवो.

आणि 2003 ला तरी केवढा दिसलेला? पंधरा-सोळा मीटरवर ठेवलेला मोहरीचा दाणा जेवढा दिसेल तेवढा. झगझगीत होता, छान लालसर, पण डोळ्यांना ठिपकाच. यंदा तर ऑगस्टअखेर तो 25 कोटी किमीच्याही पलीकडे आहे, म्हणजे जवळ वगैरे काही नाही.

रात्री साडेबाराची तर मजाच आहे. त्या वेळी मंगळ क्षितिजाखाली असणार! तो दोननंतर पूर्वेकडून वर येईल, तोवर पौर्णिमेचा चंद्र पश्चिमेला कलायला लागलेला. दोघं शेजारी शेजारी सोडा, आकाशाच्या दोन टोकांना. त्यात आपल्याकडे ऑगस्टमधे ढग, एक चंद्र दिसला तरी नशीब म्हणायचं.

आता भरती, कारण खरा घोळ तिथे आहे, या नादात कुणी धंद्याचा दिवस घालवला तर डिझेल-बर्फाचा खर्च मेसेजवाला देणार नाही. भरती-ओहोटी होते ती मुख्यतः चंद्रामुळे, त्याच्याखालोखाल सूर्य, त्याचा जोर चंद्राच्या निम्म्याहून थोडा कमी. पौर्णिमा-अमावास्येला दोघं एका रेषेत येतात म्हणून उधाण, अष्टमीच्या आसपास काटकोनात असतात म्हणून भांग, म्हणजे सगळ्यात कमी भरती. मंगळाचा जोर किती, तर 2003 ला एवढा जवळ असताना सुद्धा चंद्राच्या सुमारे साडेतीन लाखावा भाग. म्हणजे चंद्रानं दोन मीटर पाणी चढवलं तर मंगळानं मिलिमीटरचा शंभरावा भागसुद्धा नाही, आणि अंतर वाढलं की हा जोर अंतराच्या घनानं पडतो (अंतर दुप्पट तर जोर आठवा भाग), त्यामुळे यंदा तर त्याच्याही शंभराव्या भागाहून कमी.

उलटा हिशोब पण करून बघा. मंगळ चंद्राच्या साधारण दुप्पट रुंद, त्यामुळे चंद्राएवढा दिसायला त्याला साडेसात लाख किमीवर यावं लागेल, आणि तिथे आला तर त्याचा जोर चंद्रापेक्षा थोडा जास्तच भरेल. म्हणजे डबल भरती खरंच येईल! फक्त मग ती एका रात्रीपुरती नसेल, ग्रह काय एसटीसारखा टाइमटेबलनं येऊन लगेच परत जात नाही, कित्येक दिवस आधी जगभरच्या बंदरांत बोंब झाली असती.

आपल्याकडची जुनी माणसं भरतीची वेळ कशी काढतात ते घरी विचारा. तिथीच्या आकड्याची पाऊणपट, तेवढे वाजता भरती. चतुर्थीला तीन, अष्टमीला सहा, पौर्णिमा म्हणजे पंधरा तर सव्वाअकरा, बंदराप्रमाणे थोडं मागेपुढे, दिवसा एकदा आणि रात्री एकदा. या हिशोबात फक्त तिथी आहे, मंगळ कुठेच नाही. मंगळामुळे पाणी चढत असतं तर हा आडाखा कधीच कोलमडला असता.

पोथीचं म्हणाल तर पूर्वजांच्या नावावर हे खपवणं मला जास्त खटकतं. सूर्यसिद्धांत या जुन्या खगोलग्रंथात एका महायुगात, म्हणजे 43 लाख 20 हजार वर्षांत, मंगळाच्या 22,96,832 फेऱ्या दिल्यात. भागाकार करा, एक फेरी 687 दिवसांची येते, आजचा आकडाही 687 च. एवढं बारीक मोजणारी माणसं दोन चंद्र कशाला लिहितील? शंकर बाळकृष्ण दीक्षित आपल्याच दापोलीजवळच्या मुरुडचे, त्यांनी 1896 ला 'भारतीय ज्योतिषशास्त्र' मराठीत लिहून ठेवलंय, पूर्वजांचा अभिमान असेल तर ते उघडावं. आणि नारळी पौर्णिमा दर श्रावणात येते, मंगळ जवळ यायला मधे साधारण 26 महिने जातात, दोघांचा मेळ बसणार कसा?

नासावाल्यांनी असं काही जाहीर केलेलं नाही, उलट ही अफवा आहे असंच ते सांगत आलेत. 28 तारखेचं खंडग्रास चंद्रग्रहण मात्र खरं आहे, पण ते आपल्याकडे सकाळी आठला सुरू होतं आणि तोवर चंद्र मावळलेला, त्यामुळे ते पण दिसणार नाही.

तर काका, पौर्णिमा आहे म्हणजे उधाण असणारच, दर पौर्णिमेला असतं तसंच. होडी घालायची की नाही ते हवामान खात्याचा इशारा आणि इन्कॉइसचा (समुद्राची माहिती देणारी सरकारी संस्था) लाटांचा अंदाज बघून ठरवा, वारा-लाटांचा इशारा असेल तर खरंच जाऊ नका. मंगळ बघायचाच असेल तर फेब्रुवारी 2027 मधे रात्रभर दिसेल, आकाशही मोकळं असतं तेव्हा. 2003 च्या तोडीचा हवा असेल तर सप्टेंबर 2035, साधारण 5 कोटी 69 लाख किमी, पण तेव्हाही पाऊस गेलेला असेल याची गॅरंटी मी देत नाही.